पुस्तकं वाचून कळवळा येतो, पण धाडस येतं का?

कट्टेकर (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. आमच्या वाचनकट्ट्यावर मागच्या रविवारी जोरदार वाद झाला आणि वेळ संपली म्हणून अर्धवट राहिला, तो इथं आणतोय. विषय असा की दुसऱ्याचं दुःख कळणं, आतला आवाज ऐकणं आणि वेळ आली की उभं राहणं, हे साहित्यातून माणसात उतरतं का. एक ज्येष्ठ सदस्य म्हणाले, पुस्तकानं डोळे भरून येतात पण कणा येत नाही, तो ज्याचा त्याला असतो नाहीतर नसतो.

मला हे पटत नाही. तुकोबांचा तो स्वतःची हकीकत सांगणारा अभंग आहे ना, 'याति शूद्र वंश केला वेवसाव', त्यात दुष्काळात बायको अन्न अन्न करत गेली ते सांगतात, पैसा गेला मान गेला ते सांगतात, आणि त्याच अभंगात 'सत्य असत्याशी मन केलें ग्वाही, मानियेलें नाहीं बहुमता' ही ओळ येते. सगळं भोगून झालेला माणूस म्हणतोय की मी माझ्या मनाला साक्षीला धरलं, किती जण काय म्हणतात ते मोजत बसलो नाही. कॉलेजात असताना ही ओळ पाठ झाली आणि पुढं नोकरीत नको त्या कागदावर सही करायची वेळ यायची तेव्हा ती आडवी यायची. आडवी येते म्हणजे पुस्तकानं काहीतरी केलंच की.

तर सांगा, कुठल्या लिखाणानं तुमच्या वागण्यात फरक पडला? नुसतं रडू आलं असं नको, फरक पाहिजे.

विजापूरवेस

पहिला नंबर! दामाजीपंत. आपल्या मंगळवेढ्याचे. दुष्काळात माणसं मरायलीत बघून बेदरच्या बादशहाचं कोठार उघडलं. लहानपणी कीर्तनात ऐकलं ते आजपर्यंत डोक्यातनं गेलं नाही.

हुरडापार्टी

दामाजींच्या गोष्टीत शेवटी पांडुरंगच विठू महाराच्या रूपात बेदरला जाऊन धान्याचे पैसे भरून येतो. मग धाडस कसलं, देवानं निस्तरलं की सगळं. मला ही शंका लहानपणापासून आहे आणि कीर्तनकारांना विचारली की ते हसून पुढं जायचे.

विजापूरवेस

का बे, कोठार उघडलं तेव्हा दामाजींना काय माहीत होतं का पांडुरंग पैसे भरायला येणार म्हणून? कुलूप काढलं त्या घटकेला समोर होतं ते फक्त बादशहाचं फर्मान आणि दारात आलेली उपाशी माणसं. चमत्कार नंतरचा आहे. आणि चमत्काराचं सोड, देवाला रूप कुणाचं दिलंय ते बघ की. त्याच मंगळवेढ्यात वेशीचं बांधकाम कोसळून चोखोबा गेले, जन्मभर ज्यांना देवळाच्या बाहेर उभं केलं ते. आणि लोकांनी गोष्ट सांगताना विठोबाला महार करून बादशहापुढं उभा केला. ही गोष्ट ज्यांनी रचली आणि पिढ्यान्‌पिढ्या सांगितली त्यांच्या मनात काहीतरी हललं असणारच.

मास्तरीण

वरचं वाचून राहवलं नाही म्हणून लिहितेय. मी मराठी शिकवते, जिल्ह्यातल्याच एका शाळेत. 'श्यामची आई'तला मोळीचा प्रसंग आठवतो का? म्हातारी महारीण, तिची लाकडाची मोळी खाली पडलेली, उचलून डोक्यावर द्यायला कुणी येत नाही. आई श्यामला म्हणते जा, तिच्या डोक्यावर दे, आणि घरी आल्यावर आंघोळ कर. आमच्या काळी हा प्रसंग वाचून सगळे गहिवरायचे. आता मुलं पहिला प्रश्न विचारतात, "बाई, मग आंघोळ कशाला?" एक मुलगी तर उठून म्हणाली की त्या म्हातारीला कळलं असतं की हा घरी जाऊन आंघोळ करणार आहे तर तिला काय वाटलं असतं. वर्ग एकदम गप्प झाला.

मला हा प्रश्न फार मोलाचा वाटतो. साने गुरुजींनी 1933 साली नाशिकच्या तुरुंगात हे लिहिलं तेव्हा ती आंघोळ गाळून टाकता आली असती, आई अजून थोर दिसली असती. त्यांनी गाळली नाही. आईची माया कुठपर्यंत पोचली आणि कुठं अडली ते दोन्ही ठेवलं. म्हणून तर आज ती मुलगी तो प्रश्न विचारू शकते. नुसती गोड गोष्ट असती तर गोड लागून संपली असती.

चंद्रभागा

मास्तरीणबाई, अगदी मनातलं लिहिलंत. मी पंढरपूरची, त्यामुळं पुढचा भाग मला लिहू द्या. आईनं आंघोळ कर सांगितलेला तो मुलगा मोठा झाला आणि 1 मे 1947 ला आमच्या पंढरपुरात उपोषणाला बसला, विठ्ठलाचं देऊळ हरिजनांना खुलं करा म्हणून. दहा मे ला ते सुटलं. त्याआधी कित्येक महिने गावोगाव फिरून लोकांना समजावत होते. पण आमच्या घरात गुरुजींइतकंच नाव घेतलं जातं ते तनपुरे महाराजांचं. उपोषणाला जागा कोण देणार हा प्रश्न होता, क्षेत्राच्या गावात विरोध कडक, आणि महाराजांनी आपला मठ दिला. वारकरी फडाचा माणूस, त्याच लोकांत रोजचं उठणं बसणं, त्याच लोकांच्या विरोधात जाऊन. गुरुजी सभा संपली की दुसऱ्या गावी जाणारे, महाराजांना तिथंच राहायचं होतं. माझे आजोबा हे सांगताना आवाज चढवून सांगायचे, जणू समोर कुणी नाही म्हणतंय.

म्हणून धागाकर्त्यांना माझं उत्तर, हो, येतं धाडस. महाराजांनी ज्ञानोबा तुकोबांखेरीज कुठली पुस्तकं वाचली असणार?

पुण्यातला_सोलापूरकर

चंद्रभागा +१. अंगावर काटा आला.

अक्कलकोट_रोड

मी विरोधी सूर लावतो, राग मानू नका. चंद्रभागाताई, ज्ञानोबा तुकोबा त्या वेळी पंढरपुरातल्या विरोध करणाऱ्यांनाही पाठ होते. अभंग तोच, टाळ तोच. मग एकाला धाडस आलं आणि शंभरांना का नाही आलं?

दुसरं. आपल्या सोलापुरात सेटलमेंट आहे, नाव सगळ्यांना माहीत, इतिहास कितीजणांना? 1871 चा गुन्हेगार जमाती कायदा, जन्मलं की गुन्हेगार. तारेच्या कुंपणात ठेवायचे, हजेरी घ्यायचे, गिरण्यांत कामाला लावायचे. 1952 ला तो कायदा गेला. त्यानंतर आत्मकथनं आली, 'उपरा' आलं 1980 ला, 'उचल्या' आलं, 'अक्करमाशी' 1984 ला आलं आणि ते लिहिणारे शरणकुमार लिंबाळे तर आपल्या अक्कलकोट तालुक्यातल्या हन्नूरचे. लोकांनी वाचलं, पुरस्कार दिले, चर्चासत्रं झाली, चहा बिस्किटं झाली. आणि गल्लीत चोरी झाली की आजही पहिलं बोट कुणाकडं जातं? माझ्या वडिलांना सोलापुरात भाड्यानं घर बघताना आडनाव विचारून नकार मिळालेले मी डोळ्यांनी बघितलेत, आणि त्यातल्या एका घरात भिंतभर पुस्तकांचं कपाट होतं. 'अक्करमाशी' पण असेल त्यात.

म्हणून तुमच्या ज्येष्ठ सदस्यांचं मला पटतं. वाचून आलेला कळवळा स्वस्त असतो. वाचणाऱ्याला आपण चांगले आहोत असं वाटतं आणि काम तिथंच संपतं.

कट्टेकर (धागाकर्ता)

अक्कलकोट_रोड, राग कसला, हेच तर पाहिजे होतं. तुमच्या वडिलांचं वाचून वाईट वाटलं, आणि वाईट वाटलं एवढंच म्हणून थांबणं हेच तुमच्या मुद्द्याला धरून होईल, त्यामुळं कट्ट्यावर 'अक्करमाशी' आणि भाड्याच्या घरांचा प्रश्न दोन्ही एकाच दिवशी घ्यायचं ठरवतोय. आमच्या सदस्यांत तीन चार घरमालक आहेत.

निळी_शाई

मला या चर्चेत एक वेगळाच गुंता दिसतोय. आपण सगळे धरून चाललोय की आतला आवाज नेहमी बरोबरच असतो, फक्त ऐकायचं धाडस पाहिजे. मार्क ट्वेनच्या हकलबरी फिनमध्ये बरोबर उलटं आहे. हक हा गोरा पोरगा, मिसिसिपीवर तराफ्यावरून पळून चाललेल्या जिम नावाच्या गुलामाबरोबर निघालाय. आणि त्याचा आतला आवाज त्याला सारखा टोचतोय की तू पाप करतोयस, जिम ही मिस वॉटसन बाईंची मालमत्ता, तू चोरीत सामील आहेस. शेवटी तो बाईंना पत्र लिहितो की तुमचा गुलाम इथं आहे. लिहिल्यावर त्याला एकदम हलकं वाटतं, पाप धुतल्यासारखं. मग त्याला आठवतं की आपल्याला झोप मिळावी म्हणून जिम स्वतःचा पहारा संपला तरी आपल्याला न उठवता आपलाही पहारा करायचा. आणि तो पत्र फाडतो, बरं तर, जातो मी नरकात, असं म्हणून. आणि तो हे खरंच मानतो की आपण नरकात जाणार, त्याला कुठंही वाटत नाही की आपण काही थोर केलं.

म्हणजे त्या पोराची सदसद्विवेकबुद्धी गुलामगिरीनं भरवलेली होती, आणि त्याला वाचवलं ते एका माणसाबरोबरच्या रोजच्या सहवासानं. पंढरपुरात विरोध करणारे सगळे दुष्ट होते असं मला वाटत नाही, त्यांचाही आतला आवाज सांगत असणार की देव बाटेल. अक्कलकोट_रोड यांच्या 'एकाला आलं शंभरांना का नाही' चं हे एक उत्तर असू शकतं. अभंग सगळ्यांना पाठ होते, पण ज्यांच्याबद्दल ते अभंग होते त्यांच्यासोबत जेवले होते किती जण?

हुरडापार्टी

निळी_शाई, लई भारी मुद्दा. पण मग तुकोबांच्या मनाच्या ग्वाहीचं काय करायचं? मन जर गावानंच भरवलेलं असेल तर ती ग्वाही पण गावाचीच की. उत्तर द्या कुणीतरी, मी शेंगाचटणी भाकरी खाऊन येतो तोवर.

कन्नडमराठी

हुरडापार्टी, भाकरी कडक असेल तर वेळ लागेल, तोवर मी लिहितो :)

आमच्या घरी कन्नड बोलतात, सोलापुरात अर्ध्या घरांत असंच. आजी रोज बसवण्णांची वचनं म्हणायची. दयेशिवाय कसला हो धर्म, सगळ्या प्राण्यांवर दया पाहिजे, दया हेच धर्माचं मूळ, असं एक वचन आहे. बसवण्णा कल्याणला, म्हणजे कर्नाटकातल्या आजच्या बसवकल्याणला, जायच्या आधी मंगळवेढ्यातच होते. पुढं कल्याणला ब्राह्मण मधुवरसांची मुलगी आणि चांभार हरळय्यांचा मुलगा यांचं लग्न झालं आणि बिज्जळ राजानं दोन्ही बापांना हाल हाल करून मारलं. बाराव्या शतकातली गोष्ट.

मन गावानं भरवलेलं असतं हे खरंय, पण शरणांनी, म्हणजे बसवण्णांच्या वाटेवरच्या लोकांनी, मनाला तपासायची एक रीत घातली होती. अनुभव मंटपात चांभार, ढोर, नावाडी, बायका सगळे बसून बोलायचे, एकमेकाला उलटे प्रश्न विचारायचे, राजाच्या मंत्र्यालासुद्धा. तुकोबांची ग्वाही पण एकट्याच्या खोलीतली नव्हती, दुष्काळात सगळ्यांबरोबर मेल्यासारखं जगून आलेली होती. घरातली कर्जखतं इंद्रायणीत बुडवली अशी आठवण लोकांनी जपलीच आहे. ज्याचं आपण देणं लागतो किंवा जो आपलं देणं लागतो त्याच्या बाजूनं एकदा बघितलं की ग्वाही वेगळी येते.

काळा_कोट

वकिली करतो, इथंच जिल्हा न्यायालयात. पुस्तकांपेक्षा साक्षीदार जास्त बघितलेत. साक्षीदार फितूर होतो तेव्हा तो वाईट माणूस असतो असं अजिबात नाही. त्याला फिर्यादीचं दुःख कळत असतं, बाहेर कॅन्टीनला रडतो सुद्धा. पण पिंजऱ्यात उभं राहिलं की गावकी, भावकी, सोसायटीचं कर्ज, पोरीचं लग्न सगळं एकदम आठवतं आणि 'मला काही आठवत नाही' असं तोंडातनं निघतं.

प्रेमचंदांची 'पंच परमेश्वर' आठवा, हिंदीच्या पुस्तकात होती. जुम्मन शेख खालाची, म्हणजे मावशीची, जमीन नावावर करून घेतो आणि मग तिला धड भाकरी देत नाही. खाला पंचायत बोलावते आणि पंच म्हणून जुम्मनच्या जिगरी दोस्ताला, अलगू चौधरीला नेमते. अलगू आधी टाळाटाळ करतो तेव्हा ती म्हातारी त्याला विचारते, बेटा, बिघाडाच्या भीतीनं इमानाची गोष्ट बोलणार नाहीस का? आणि अलगू दोस्ताच्या विरोधात निकाल देतो. माझ्या लेखी त्या गोष्टीतलं खरं धाडस खालाचं आहे. दोस्तालाच पंच नेमलं तिनं! शत्रूला नेमलं असतं तर निकाल सोपा होता, पण तिला इमान पाहिजे होतं, बदला नको होता.

एका अपघाताच्या केसमध्ये एक चहाच्या गाडीवाला साक्षीला आला होता. समोरची पार्टी दांडगी, गाडी हलवायची धमकी मिळालेली. मी विचारलं कशाला पडलात यात. म्हणाला, "मी बघितलंय की साहेब." एवढंच. उलटतपासणीत तासभर हलला नाही. त्यानं प्रेमचंद वाचलेले नव्हते.

पूर्वभागकर

काळा_कोट साहेब, तुमचा चहावाला वाचून माझी आई आठवली. आई विडी कामगार, आता वय झालं. दिवसाला हजार विड्या वळायच्या, मग विड्या घेऊन कारखान्यात जायचं आणि तिथं तपासणारा मूठ मूठ विड्या छाट म्हणून बाजूला टाकणार, पैसे कापणार. एकदा एका तरुण बाईच्या विड्या उगाच जास्तच छाट केल्या, बाई ओली बाळंतीण, रडायला लागली. आई तिच्या ओळखीची पण नव्हती. आईनं आपल्या स्वतःच्या विड्या तिच्या छाट केलेल्या विड्यांशेजारी ठेवल्या आणि म्हणाली, या पास झाल्या ना, आता यात फरक दाखवा. मागनं बाकीच्या बायका पुढं आल्या. त्या दिवशी त्या बाईचे पूर्ण पैसे मिळाले.

आईला तेलुगूही वाचता येत नाही, मराठीही नाही. मग मी मोठा झाल्यावर तिला गोदूताई परुळेकरांचं 'जेव्हा माणूस जागा होतो' वाचून दाखवलं, कारण आम्ही राहतो ती कुंभारीची दहा हजार घरांची वसाहत गोदूताईंच्या नावाची आणि आईला नेहमी वाटायचं ह्या बाई कोण. त्यात वारली लोकांची हकीकत आहे, लग्नासाठी कर्ज काढलं की माणूस जन्मभर जमीनदाराचा लग्नगडी, बायकोसकट. मग 1945 ला झरी गावात सगळे जमले आणि ठरवलं की आता वेठ करायची नाही. आई मधेच थांबवून विचारायची, "पहिला कोण उभा राहिला?" मी पानं चाळायचो. मग म्हणाली, "पहिला उभा राहतो त्याचं काही विशेष नाही रे, दुसरा कोण उभा राहिला ते बघ. पहिल्याला राग असतो. दुसऱ्याला विचार करायला वेळ मिळालेला असतो."

मी ग्रॅज्युएट आहे, मला हे सुचलं नसतं.

मास्तरीण

पूर्वभागकर, तुमच्या आईंना माझा नमस्कार सांगा. हे मी उद्या वर्गात सांगणार आहे, परवानगी गृहीत धरते. तनपुरे महाराज हे असे दुसरेच की.

चंद्रभागा

अगदी!! बाई, मी पण हेच टायपत होते.

पुण्यातला_सोलापूरकर

थोडं अवांतर. डॉ. कोटणीस आपले. 1938 ला पाच डॉक्टर चीनला गेले, चार परत आले. तिकडं असताना इकडं सोलापुरात वडील वारले तरी जखमी सैनिकांना सोडून आले नाहीत, 1942 ला तिथंच गेले, वय अवघं बत्तीस. पिक्चर सगळ्यांनी बघितलाय, भैय्या चौकातलं स्मारक किती जणांनी बघितलंय?

विजापूरवेस

मी बघितलंय. आणि अवांतर नाही हे. चार हुतात्मा चौकातनं रोज जातो आपण. 1930 चा मार्शल लॉ, आणि 12 जानेवारी 1931 ला येरवड्यात फाशी. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन. यातले कुर्बान हुसेन 'गझनफर' नावाचं वर्तमानपत्र चालवायचे, म्हणजे लिहिणाराच माणूस. आणि आपल्याच कवी कुंजविहारींची 'भेटेन नऊ महिन्यांनी' घ्या, फाशी जाणारा मुलगा आईलाच धीर देतोय. त्या कवितेनं किती जणांना बळ दिलं असेल.

अक्कलकोट_रोड

सगळं वाचलं. पूर्वभागकरांच्या आईंपुढं माझं काही म्हणणं नाही. पण माझा मुद्दा मी सोडत नाही, उलट त्यांनी तो पक्काच केला. त्यांनी विड्या शेजारी ठेवल्या तेव्हा त्यांचे पण पैसे जाऊ शकले असते, त्यांच्या पण विड्या छाट झाल्या असत्या. आपलं काहीतरी पणाला लागतं तिथं धाडस. वाचताना आपलं काहीच पणाला लागत नाही, खुर्चीत बसूनच असतो आपण.

एक मात्र मान्य करतो. 'अक्करमाशी' मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला कळवळा आला नव्हता, कारण ते माझ्या घरातलंच होतं. मला काय वाटलं तर, हे असं उघड लिहिता येतं. स्वतःचं नाव घालून, आईचं नाव घालून, लाज न बाळगता. त्यानंतर मी आडनाव सांगताना आवाज बारीक करायचं बंद केलं. धागाकर्त्यांनी फरक विचारला होता, हा माझ्यापुरता फरक. पण तो मला पडला. कपाटवाल्यांना पडला का हे त्यांनी सांगावं.

निळी_शाई

हे फार महत्त्वाचं आहे. आपण सगळे गृहीत धरून बोलत होतो की वाचणारा नेहमी सुखवस्तू आणि पुस्तकातला माणूस दुःखी. तुम्ही दुसऱ्या बाजूनं वाचलंत.

काळा_कोट

आणि चहावाल्याचं 'मी बघितलंय' मला आता जरा वेगळं लागायला लागलंय. लग्नगडी काय असतो हे पूर्वभागकरांच्या आईंनी डोळ्यांनी नाही बघितलं, पण वाचून दाखवल्यावर त्या साक्षीदार झाल्याच, नाहीतर 'दुसरा कोण' असा प्रश्न पडला नसता. त्यापुढं पिंजऱ्यात उभं राहायचं की नाही ते ज्याचं त्याच्यावर. मला नाही आठवत हे उत्तर मात्र मग देता येत नाही.

हुरडापार्टी

भाकरी खाऊन आलो तर इथं एवढं होऊन गेलं. माझी दामाजींची शंका मी मागं घेत नाही, पण आता कीर्तनकारांना नाही, पूर्वभागकरांच्या आईंना विचारायची इच्छा आहे. कट्टा कधी आहे पुढचा?

कट्टेकर (धागाकर्ता)

पुढच्या महिन्यातला दुसरा रविवार. आणि नेहमीच्या जागी न घेता कुंभारीला घेऊया असं सुचवतो, पूर्वभागकर जागा बघतील का? अक्कलकोट_रोड, तुम्ही आलात तर 'अक्करमाशी'वर तुम्हीच बोला, आम्ही घरमालक मंडळींना पुढच्या रांगेत बसवतो. काळा_कोट, 'पंच परमेश्वर' मराठीत वाचायची सोय झाली तर बरं.

पूर्वभागकर

जागेचं बघतो. फक्त वेळ संध्याकाळी पाचनंतर ठेवा, रविवारी पण बायका दुपारी विड्या वळत असतात. आईला सांगितलं. म्हणाली, येणाऱ्यांना सांग, बोलायला या पण आधी आमचं ऐकून घ्या, आणि झरीचं ते प्रकरण परत एकदा मोठ्यानं वाच, शेजारच्या बायकांनी ऐकलेलं नाही.